दामदुप्पट ते एपीआर : घराच्या कर्जाची खरी किंमत

समजा, घरासाठी 1 लाखाचे कर्ज काढले. चलन कुठलेही धरा, हिशेब तोच राहतो. व्याज वर्षाला 7 टक्के, दर कायम, मुदत 30 वर्षे. महिन्याचा हप्ता 665 बसतो. पहिल्या महिन्यात त्यातले 583 व्याजात जातात आणि मुद्दलातून जेमतेम 82 कमी होतात. हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायला 242 वा हप्ता उजाडावा लागतो, म्हणजे वीस वर्षे उलटून गेलेली असतात. अर्धे मुद्दल फिटायला पावणेबावीस वर्षे लागतात. शेवटचा हप्ता भरून कागद सोडवून घेईपर्यंत एकूण 2 लाख 39 हजार 500 दिलेले असतात. घेतले होते 1 लाख.

यात कुणी कुणाला फसवलेले नाही. घटत्या शिलकीवरचे व्याज असेच चालते: सुरुवातीला शिल्लक मोठी, म्हणून व्याज मोठे. पण कर्ज फेडणाऱ्या माणसाला विचारून पाहा. हप्ता तोंडपाठ असतो, व्याजदरही सांगता येतो. एकूण किती जाणार, या प्रश्नावर मात्र तो गप्प होतो. हा आकडा नजरेआड कसा गेला आणि पुन्हा कागदावर यायला इतका वेळ का लागला, याला मोठा इतिहास आहे.

पूर्वी हा आकडा चांगला डोळ्यांसमोर होता. मराठीत अजूनही वापरात असलेला ‘दामदुप्पट’ हा शब्द मुळात एका नियमाचे नाव आहे. व्याज वाढत वाढत मुद्दलाइतके झाले की थांबले; सावकाराला दामाच्या दुपटीपेक्षा जास्त मागता येत नाही. मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात हा नियम आहे, आणि पुढे ब्रिटिश अमदानीत मुंबई इलाख्यातल्या कोर्टांनीही तो हिंदू ऋणकोंच्या बाबतीत मानला. पण मनूच्या श्लोकात एक शब्द आहे: ‘सकृदाहृता’, म्हणजे एकाच वेळी घेतलेले. थकलेले व्याज एकरकमी वसूल करताना दुपटीची मर्यादा. दरमहा थोडे थोडे घेत गेले, तर मर्यादा लागू होत नाही. हप्त्याने फेडायच्या कर्जाला दामदुप्पट कधीच का आडवी येत नाही, याचे उत्तर या एका शब्दात आहे.

रोमन कायद्यातही जवळपास असाच नियम होता. थकलेले व्याज मुद्दलाएवढे झाले की पुढची आकारणी बंद. सहाव्या शतकात सम्राट जस्टिनियनने आणखी पुढे जाऊन ही पळवाटही बुजवली. आतापर्यंत तुकड्यातुकड्याने दिलेले व्याजही मोजा, आणि बेरीज मुद्दलाइतकी झाली की संपले. आपल्या वरच्या उदाहरणाला जस्टिनियनचा नियम लावला, तर 7 टक्के दराने पावणेतेवीस वर्षांहून लांब मुदतीचे कोणतेही कर्ज बेकायदा ठरेल. जगभर आज 25 आणि 30 वर्षांची कर्जे सर्रास दिली जातात.

गहाणासाठीचा इंग्रजी ‘मॉर्गेज’ हा शब्द जुन्या फ्रेंचमधला, अर्थ ‘मेलेले तारण’. कर्ज फेडले नाही तर जमीन ऋणकोला मेली आणि फेडले तर तारण धनकोला मेले, असा त्याचा अर्थ इंग्रज कायदेपंडित एडवर्ड कोकने सतराव्या शतकात सांगितला, आणि तोच लोकप्रिय झाला. मला मात्र त्याच्याही आधीचा, बाराव्या शतकातल्या ग्लॅनव्हिलच्या नावावरच्या इंग्रज कायद्याच्या ग्रंथातला अर्थ जास्त बोलका वाटतो. तिथे दोन प्रकारची गहाणे आहेत. जिवंत तारणात जमिनीचे उत्पन्न कर्जाच्या फेडीत धरले जाई, त्यामुळे दरसाल मुद्दल उतरे. मेलेल्या तारणात उत्पन्न धनको खाई आणि मुद्दल होते तिथेच राही. आज 665 मधले 82 च मुद्दलात जातात तेव्हा त्या कर्जात जीव आहे, पण धुगधुगी म्हणावी इतकाच.

पैसे आज किती आणि तीस वर्षांनी किती, हे काढायला चक्रवाढीची कोष्टके लागतात. ती फार काळ व्यापाऱ्यांच्या आणि सराफांच्या खाजगी वह्यांत होती. फ्लेमिश गणिती सायमन स्टेव्हिनने 1582 मध्ये ती छापली, तेव्हा त्याने नोंदवले की ज्यांच्याकडे अशी कोष्टके आहेत ते ती गुपितासारखी दडवून ठेवतात. लंडनमध्ये रिचर्ड विटने 1613 मध्ये अशी कोष्टके काढली. गणित खुले झाले, तरी कर्ज घेणारा ते वाचत नव्हता. पुढे 1854 मध्ये ब्रिटनने व्याजावरची कायदेशीर कमाल मर्यादाही काढून टाकली. दरावरचा लगाम सुटला, आणि एकूण किती जाणार हे सांगण्याची सक्ती कुणावरच नव्हती.

सामान्य माणसाच्या घरासाठीचे कर्ज सुरू झाले ते भिशीसारख्या पद्धतीने. 1775 मध्ये बर्मिंगहॅममधल्या गोल्डन क्रॉस या खानावळीत रिचर्ड केटलीने एक मंडळी जमवली. दरमहा सगळ्यांनी वर्गणी भरायची, आळीपाळीने एकेकाला घर बांधायला पैसे द्यायचे, सगळ्यांची घरे झाली की मंडळी बरखास्त. अमेरिकेत हाच प्रकार 1831 मध्ये फिलाडेल्फियाजवळच्या फ्रँकफर्डमध्ये आला. तिथले पहिले कर्ज कॉमली रिच नावाच्या, रस्त्यावरचे दिवे लावणाऱ्या माणसाला मिळाले: 375 डॉलर. या मंडळ्यांत कर्ज देणारे आणि घेणारे एकच, त्यामुळे पैसे कुठून येतात आणि कुठे जातात हे प्रत्येकाला दिसे. हप्त्याने मुद्दल फेडण्याची सवय इथून लागली.

मोठ्या सावकारीत मात्र ही सवय नव्हती. 1920 च्या दशकातले अमेरिकन गृहकर्ज आजच्या माणसाला ओळखूही येणार नाही. मुदत तीन ते पाच वर्षे, घराच्या किमतीच्या निम्मीच रक्कम, मधल्या काळात बहुधा नुसते व्याज, आणि मुदत संपली की सगळे मुद्दल एकदम. एवढे पैसे कुणाकडेच नसत, म्हणून दर वेळी कर्ज नवे करायचे, नवे शुल्क भरायचे. पुरले नाही तर त्याच घरावर दुसरे, जास्त व्याजाचे गहाण. नवे करून मिळते आहे तोवर हे चालले. 1929 ची महामंदी आली आणि मिळेनासे झाले. 1933 मध्ये दिवसाला सुमारे 1,000 घरांवर जप्ती येत होती.

त्या वर्षी अमेरिकन सरकारने होम ओनर्स लोन कॉर्पोरेशन काढले. बुडीत जाऊ घातलेली सुमारे 10 लाख कर्जे त्याने आपल्याकडे घेऊन 15 वर्षांच्या, 5 टक्क्यांच्या, दरमहा मुद्दल आणि व्याज दोन्ही फेडणाऱ्या कर्जांत बदलली. 1934 मध्ये आलेल्या फेडरल हाउसिंग अॅडमिनिस्ट्रेशनने 20 वर्षांपर्यंतच्या कर्जाला विमा दिला. घराच्या किमतीच्या 80 टक्क्यांपर्यंत कर्ज मिळू लागले. मग 1948 मध्ये नव्या घरांसाठी 30 वर्षांची मुदत मंजूर झाली, 1954 मध्ये जुन्या घरांसाठीही.

या बदलाने लाखो कुटुंबांना घर दिले, हे नाकारण्यात अर्थ नाही. एकदम अंगावर येणारा मुद्दलाचा डोंगर गेला. पण त्यासोबत प्रश्नच बदलला. आधी माणूस विचारी, ‘एवढे मुद्दल मी कधी फेडणार?’ आता विचारू लागला, ‘महिन्याला किती?’ हप्ता खिशात बसला की व्यवहार ठरला. आणि हप्ता खिशात बसवण्याचा सर्वात सोपा उपाय म्हणजे मुदत लांबवणे. आपले 1 लाखाचे कर्ज 20 वर्षांत फेडायचे म्हटले तर हप्ता 775 होतो. तोच 30 वर्षांचा केला की 665. दरमहा 110 वाचले. एकूण व्याज मात्र 86 हजारांवरून 1 लाख 39 हजार 500 वर जाते. हप्ता सुमारे 14 टक्क्यांनी उतरतो, व्याज 60 टक्क्यांहून जास्त चढते. ज्या टेबलावर हे ठरते, तिथे बहुतेकदा पहिलाच आकडा उच्चारला जातो.

व्याजदराचीही गंमत होती. दर सांगायचा कसा, याला काही नियमच नव्हता. 100 घ्या, 6 टक्के व्याज, म्हणून 106 चे बारा सारखे हप्ते. ऐकायला 6 टक्के. प्रत्यक्षात मुद्दल दरमहा परत जात असते, वर्षभर सरासरी निम्मेच पैसे हातात असतात. खरा दर निघतो जवळपास 11 टक्के. याला आपण फ्लॅट रेट म्हणतो. शिवाय प्रक्रिया शुल्क, दलाली, कागदपत्रांचा खर्च हे सगळे वेगळ्या ओळीत.

इलिनॉयचे सिनेटर पॉल डग्लस मूळचे अर्थशास्त्राचे प्राध्यापक. सगळा खर्च धरून एकाच पद्धतीने काढलेला वार्षिक दर सांगण्याची सक्ती करा, असे विधेयक त्यांनी 1960 मध्ये आणले. हा हिशेब फार किचकट आहे, रोजच्या व्यवहारात जमणार नाही, हा विरोधकांचा एक मुख्य युक्तिवाद होता. स्टेव्हिनने 1582 मध्ये कोष्टके छापली होती, त्यानंतर पावणेचारशे वर्षांनी! डग्लस 1966 ची निवडणूक हरले. विस्कॉन्सिनचे विल्यम प्रॉक्समायर यांनी ते काम पुढे नेले, आणि 1968 मध्ये ‘ट्रुथ इन लेंडिंग’ कायदा झाला. या दरासाठी एपीआर (अ‍ॅन्युअल पर्सेंटेज रेट) हे अक्षरत्रय तिथून रुळले.

त्या मूळ कायद्यात एक अपवाद होता, आणि माझ्या मते सगळ्या कहाणीत त्याच्याइतके बोलके दुसरे काही नाही. कर्जदाराला दर सांगायचा आणि एकूण व्याज-खर्चाची रक्कमही सांगायची, असा नियम झाला. पण घर विकत घेण्यासाठीच्या पहिल्या गहाणाला ही रक्कम सांगण्यातून सूट मिळाली. हप्त्यावरच्या शीतकपाटाला एकूण किती जादा जाते ते छापणे सक्तीचे, घराला नाही. घराच्या किमतीहून मोठा आकडा करारावर छापलेला पाहून माणूस सही करताना थबकेल, हे ओळखायला फार हुशारी लागत नव्हती.

एपीआरलाही मर्यादा आहे. तो सुरुवातीचे शुल्क पूर्ण मुदतीवर पसरवतो. 1 लाखावर 2 टक्के शुल्क घेतले तर 7 टक्क्यांच्या कर्जाचा एपीआर 7.2 होतो. पण पाचव्या वर्षी घर विकले किंवा कर्ज दुसरीकडे नेले, तर तेच शुल्क साठ महिन्यांतच वसूल झाले, आणि खरा दर 7.5 च्या घरात जातो. कर्ज वारंवार फिरवणाऱ्याच्या हातून बराच पैसा असा निसटतो. त्यातच दर वेळी नवी 30 वर्षे सुरू केली, तर तो पुन्हा 82 वाल्या पहिल्या हप्त्यावर येऊन उभा राहतो.

1970 च्या दशकातल्या महागाईने या हिशेबाला उलटी बाजूही दाखवली. स्थिर दराने आधीच कर्ज घेतलेल्यांचे पगार वाढत गेले, हप्ता तोच राहिला; त्यांनी फेडलेले पैसे घेतलेल्या पैशांपेक्षा हलके होते. म्हणून तीस वर्षांच्या हप्त्यांची नुसती बेरीज हीसुद्धा पूर्ण खरी किंमत नव्हे. आजचा 1 आणि तीस वर्षांनंतरचा 1 सारखा नसतो. तोटा झाला तो देणाऱ्यांना, आणि त्यांनी धडा घेतला. 1981 च्या ऑक्टोबरात अमेरिकेतला 30 वर्षांच्या कर्जाचा सरासरी दर 18 टक्क्यांच्या वर गेला, त्याच सुमारास बदलत्या दराच्या कर्जांना मोकळीक मिळाली. महागाईचा धोका देणाऱ्याच्या खांद्यावरून घेणाऱ्याच्या खांद्यावर आला. दर वाढला आणि हप्ता तेवढाच ठेवला, तर मुदत आपोआप लांबते. फारच वाढला तर हप्ता व्याजालाही पुरत नाही, न भरलेले व्याज मुद्दलात मिसळते आणि फेडता फेडता कर्ज वाढते. 2008 च्या आर्थिक संकटाआधी अमेरिकेत अशी कर्जे मुद्दाम विकली गेली. ब्रिटनमध्ये 1980 च्या दशकात वेगळा प्रकार चालला: हप्त्यात नुसते व्याज, आणि मुद्दलासाठी सोबत विमा पॉलिसी. पॉलिसी पिकेल तेव्हा कर्ज फिटेल, असे सांगितले गेले. अनेकांच्या पॉलिसीतून पुरेसे पैसे आलेच नाहीत.

2008 नंतर कागद बदलू लागले. युरोपीय संघाने 2014 च्या निर्देशाने सगळ्या सदस्य देशांत एकसारखे माहितीपत्रक आणले. स्वीडनने 2016 मध्ये मोठ्या कर्जांना दरवर्षी ठरावीक मुद्दल फेडण्याची सक्ती केली. भारतात रिझर्व्ह बँकेने ऑक्टोबर 2024 पासून किरकोळ कर्जांना एपीआरसह मुख्य तथ्यांचे पत्रक सक्तीचे केले.

अमेरिकेत ऑक्टोबर 2015 पासून कर्जाआधी द्यायच्या अंदाजपत्रकाचा जो नवा नमुना लागू झाला, त्यात दोन ओळी आहेत. एक सांगते, पाच वर्षांत तुम्ही एकूण किती भराल आणि त्यातले मुद्दल किती. आपल्या कर्जात या ओळीवर येतील 39,900 आणि 5,900. दुसरी ओळ सांगते, पूर्ण मुदतीतले एकूण व्याज कर्जाच्या किती टक्के. तिथे 139 हून मोठा आकडा येतो, आणि दामदुप्पटीची रेषा 100 वर असते. या दोन्ही ओळी तिसऱ्या पानावर आहेत. महिन्याचा हप्ता पहिल्या पानावर आहे.