जात वैधता प्रमाणपत्र (ग्रामपंचायत निवडणूक, महाराष्ट्र)

ग्रामपंचायतीच्या राखीव जागेवर उभं राहायचं तर उमेदवारी अर्जाला जातीचा दाखला आणि त्या दाखल्याची जात पडताळणी समितीने केलेली खात्री, म्हणजे वैधता प्रमाणपत्र, जोडावं लागतं. गावात याला सरळ ‘व्हॅलिडिटी’ म्हणतात. ही अट महाराष्ट्र ग्रामपंचायत अधिनियम 1958 च्या कलम 10-1अ मध्ये आहे, साधारण 2006 च्या दुरुस्तीपासूनची. सर्वसाधारण जागेवर उभं राहणाऱ्याला ती लागू नाही, मग त्याची जात कुठलीही असो.

पडताळणी समितीचं मूळ बरेच जण सुप्रीम कोर्टाच्या 1994 च्या कुमारी माधुरी पाटील निकालापासून धरतात. पण तो खटलाच समितीने जातीचा दावा फेटाळल्यावर वर गेलेला होता, म्हणजे समित्या त्याआधीपासून होत्याच, निकालाने त्यांना पक्की कार्यपद्धती आणि दाव्याची जागेवर चौकशी करणारं दक्षता पथक दिलं, असं म्हणणं जास्त बरोबर वाटतं. पुढे राज्याचा जात प्रमाणपत्र कायदा आला, तो ऑक्टोबर 2001 पासून लागू आहे, आणि त्यात जात सिद्ध करायची जबाबदारी दावा करणाऱ्यावरच टाकलीय. त्यामुळे पुरावा शोधायचा तो उमेदवारानेच, आजोबांचा शाळा सोडल्याचा दाखला, कोतवाल बुकाची (गावच्या जुन्या जन्म-मृत्यू नोंदवहीची) नक्कल, कधी मोडीतली नोंद, मग ती वाचून देणारा माणूस गाठायचा. ओबीसीसाठी 13 ऑक्टोबर 1967 च्या आधीचा पुरावा बघतात, अनुसूचित जातीसाठी 10 ऑगस्ट 1950. कागद जितका जुना तितकं त्याचं वजन जास्त.

खरा वाद मुदतीचा आहे. व्हॅलिडिटी हातात नसेल तर समितीकडे आधीच अर्ज केल्याची पोच आणि हमीपत्र देऊन उभं राहता येतं, पण निवडून आल्याचं जाहीर झाल्यापासून ठरलेल्या मुदतीत प्रमाणपत्र दिलं नाही तर निवड पूर्वलक्षी प्रभावाने, म्हणजे मागच्या तारखेपासूनच, रद्द झाली असं मानलं जातं. मुदत आधी सहा महिने होती, 2018 मध्ये बारा झाली. आता समितीनेच उशीर केला तर सदस्याचा काय दोष? यावर हायकोर्टाच्या खंडपीठांची मतं जुळेनात, तेव्हा नगरपालिका कायद्यातल्या तशाच तरतुदीवर हायकोर्टाच्या पूर्णपीठाने (खंडपीठापेक्षा मोठ्या पीठाने) 2016 मध्ये सांगितलं की मुदत बंधनकारक आहे, प्रमाणपत्र नंतर मिळालं तरी गेलेलं पद परत येत नाही, आणि ऑगस्ट 2018 मध्ये सुप्रीम कोर्टाने तेच कायम केलं. कायद्याची भाषा बघता हाच अर्थ निघतो हे मान्य करावं लागतं, नाहीतर हमीपत्र देऊन पाच वर्षं काढणारे राखीव जागा खाऊन बसले असते. पण ज्या बाईने वेळेत अर्ज केला, सुनावणीच्या प्रत्येक तारखेला मजुरी बुडवून जिल्ह्याला गेली, तिचं पद समितीच्या टेबलावर पडलेल्या फाइलीमुळे जावं हे चुकीचंच आहे, आणि यावर इलाज कोर्टाने नाही तर विधिमंडळाने करायचा आहे.

विधिमंडळाने तो तुकड्यातुकड्याने केला. जानेवारी 2021 मध्ये 14,234 ग्रामपंचायतींची निवडणूक झाली. निकाल 18 जानेवारीला लागला, म्हणजे बारा महिने जानेवारी 2022 मध्येच संपले. कोविडमध्ये अडकलेल्या अशा सदस्यांसाठी 2023 मध्ये मुदतवाढीचा तात्पुरता कायदा करावा लागला.

छाननीत निवडणूक निर्णय अधिकारी फक्त कागद आहेत का ते बघतो, जात खरी की खोटी हे ठरवायचा अधिकार त्याला नाही. अर्ज चुकीचा बाद झाला तरी मधेच कोर्टाने निवडणूक थांबवणं अवघड, कारण संविधानाचा अनुच्छेद 243-ओ कोर्टाला त्यात हस्तक्षेप करू देत नाही, म्हणून निकालानंतर पंधरा दिवसांत कलम 15 खाली दिवाणी न्यायाधीशाकडे याचिका करायची. खोटा दाखला निघाला तर पद जातंच.

बाकीच्या कागदांवरूनही वाद होतात. सप्टेंबर 2001 नंतर तिसरं मूल झालं तर सदस्य अपात्र ठरतो, म्हणून ते झालं का यावर जन्मनोंद आणि शाळेचा दाखला समोरासमोर ठेवले जातात, अतिक्रमण आणि शौचालयाच्या तक्रारी कलम 14 खाली जिल्हाधिकाऱ्याकडे जातात, आणि खर्चाचा हिशोब वेळेत दिला नाही तर कलम 14-ब खाली पाच वर्षांपर्यंत अपात्र ठरवता येतं.