टेप पळवली नव्हती, नळी आखूड होती

भाच्याने परवा एक रील पाठवलं. बीटल्सच्या ‘पेनी लेन’मधला ट्रंपेटचा तुकडा आणि वर ठळक अक्षरांत दावा: हे माणसाला वाजवणं शक्यच नाही, टेप पळवून (म्हणजे तिचा वेग वाढवून) केलेलं आहे. मी जेवण अर्धं टाकून उत्तर टाइप करायला बसलो, ते लांबत गेलं, म्हणून हा लेख.

रीलवाल्याला एवढा संशय का आला, ते मात्र समजू शकतं. टेप पळवण्यात ही मंडळी तरबेज होती. त्यांच्याच ‘इन माय लाइफ’ या गाण्यात मधेच हार्पसिकॉर्डसारखं (तारा खुडून वाजणारं जुनं कळांचं वाद्य) काही तरी वाजतं. ते हार्पसिकॉर्ड नाही, पियानो आहे. ऑक्टोबर १९६५ मध्ये निर्माता जॉर्ज मार्टिन याने टेप निम्म्या वेगाने चालवून तो तुकडा निम्म्या लयीत, एक सप्तक खाली वाजवला. मग टेप नेहमीच्या वेगाने लावली. लय दुप्पट, सूर सप्तकभर वर. शिवाय पियानोचा जो नाद विरायला चार सेकंद लागले असते तो दोनच सेकंदांत विरला आणि कानाला ते तार खुडल्यासारखं लागलं. वॉकमनचे सेल उतरले की गायिकेचा गायक व्हायचा ना, त्याच्या उलट. खुद्द ‘पेनी लेन’मध्येही बीटल्समधल्या पॉल मॅकार्टनीचा आवाज किंचित मंद टेपवर घेतलेला आहे.

पण ट्रंपेट नाही. ११ जानेवारी १९६७ च्या रात्री मॅकार्टनीने बीबीसीवर जुना जर्मन संगीतकार बाख याचा दुसरा ब्रांडेनबुर्ग कॉन्चेर्टो (वाद्यवृंदासाठीची रचना) पाहिला. त्यातलं ते झगझगीत ट्रंपेट त्याला हवं झालं. वादक होता डेव्हिड मेसन. सहाच दिवसांनी तो अ‍ॅबी रोडच्या ईएमआय स्टुडिओत नऊ ट्रंपेटं घेऊन हजर झाला. मॅकार्टनी सूर गाऊन दाखवायचा, मार्टिन ते कागदावर उतरवायचा. मेसनने पुढे स्पष्टच सांगितलं, की टेप पळवल्याची गोष्ट खोटी आहे.

मग इतका उंच सूर आला कुठून? इथे मला तुतारी आठवते. तुतारीला ना भोकं, ना कळा. वाजवणारा फक्त ओठ आवळतो, सैल सोडतो. नळीतल्या हवेला ठरावीक कंपनंच मानवतात: मूळ कंपन (हा पहिला) आणि त्याच्या दुप्पट, तिप्पट, चौपट असे पूर्ण पटीतले सूर. यांना हार्मोनिक म्हणतात. पहिल्यापासून दुसऱ्यापर्यंत अख्खं सप्तक, दुसऱ्यापासून तिसऱ्यापर्यंत सा ते प. खालच्या मजल्यावर सूर असे लांब लांब, त्यामुळे तिथे चाल बसवता येत नाही, ललकारी तेवढी देता येते.

वर चढत गेलं की मात्र गर्दी होते. आठव्या हार्मोनिकला सा माना. नववा रे, दहावा ग, बारावा प, पंधरावा शुद्ध नी आणि सोळावा तार सा. अकरावा शुद्ध आणि तीव्र मध्यमाच्या मधे कुठे तरी लोंबकळतो, तेरावा दोन धैवतांच्या मधे, आणि चौदावा कोमल निषादाच्या जरा खालीच राहतो. वादक ते ओठांनी ओढून सुरात आणायचे. बाखच्या काळात (हे कॉन्चेर्टो १७२१ मध्ये अर्पण केलेले) ट्रंपेटला पिस्टन (नळीची लांबी बदलणाऱ्या कळा) नव्हते, त्यामुळे चाल वाजवायची तर या वरच्या मजल्यावरच राहायला हवं.

आता आकडे बघा. या कॉन्चेर्टोत सुमारे १,४०० हर्ट्‌झचा सूर येतो, म्हणजे सेकंदाला तेवढी कंपनं. त्या वेळच्या साधारण दोन मीटर नळीवर तो सोळावा हार्मोनिक. शेजारचा पंधरावा अगदी खेटून, ओठ केसभर ढळला की पाय घसरलाच. अठराव्या शतकाच्या उत्तरार्धातच ही कला मागे पडली होती; एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला पिस्टन आले आणि खालच्या मजल्यावरही चाल वाजवता येऊ लागली. आजच्या नेहमीच्या, सुमारे दीड मीटर नळीच्या ट्रंपेटवर तोच सूर बारावा पडतो. पुढे बाख वाजवण्यासाठी नळी निम्मी केली. ते पिकोलो ट्रंपेट. मूळ कंपन दुप्पट, म्हणून तोच सूर आता सहावा. पाचवा आणि सातवा ऐसपैस अंतरावर, मधले सूर पिस्टन भरून काढतात. फुप्फुसांचे आणि ओठांचे कष्ट काही वाचत नाहीत, पण नेम धरणं सोपं होतं. मेसनच्या नऊ ट्रंपेटांतून शेवटी निवडलं गेलं ते हेच.

रीलच्या खाली आणखी एक रत्न होतं: जुने संगीतकार म्हणे ‘४३२ हर्ट्‌झ’वर सूर लावायचे (म्हणजे वाद्यं जुळवण्याचा ‘ए’ हा सूर सेकंदाला ४३२ कंपनांचा; आज तो सहसा ४४० धरतात), म्हणून ते ऐकून पेशी बऱ्या होतात. बाखच्या, म्हणजे बरोक, काळात गावागणिक सूर वेगळा असे. आज ते संगीत वाजवणारे पुष्कळ जण सोयीसाठी ४१५ धरतात. ४४० आणि ४३२ मध्ये अर्ध्या स्वराच्या तिसऱ्या हिश्श्याएवढा फरक आहे. सेल थोडे उतरलेला वॉकमनही तेवढं औषध देत असे.

फेब्रुवारी १९६७ मध्ये रेकॉर्ड आली. तिच्या दुसऱ्या बाजूला ‘स्ट्रॉबेरी फील्ड्स फॉरएव्हर’, त्यात बीटल्सचा गिटारवादक जॉर्ज हॅरिसन याने चक्क आपलं स्वरमंडल वाजवलंय. दोन्ही गाण्यांच्या फिल्म स्वीडिश दिग्दर्शक पीटर गोल्डमन याने केल्या. पेनी लेन लिव्हरपूलमधली, पण चौघांचं चित्रीकरण पूर्व लंडनमधल्या स्ट्रॅटफर्डच्या रस्त्यावर आणि केंटमधल्या नोल पार्कमध्ये झालं. लिव्हरपूलच्या बसगाड्या वेगळ्या टिपून मधे जोडल्या. चौघे घोड्यांवरून येतात, उघड्या माळावर मांडलेल्या टेबलाशी बसतात, आणि विग घातलेले जुन्या थाटातले सेवक त्यांना वाद्यं आणून देतात. गिटार येते. ट्रंपेटवाला मेसन काही दिसत नाही.