शाबरी विद्या

नाथपंथीय कथांमध्ये बोलीतल्या मंत्रांच्या केवळ उच्चाराने माणसे, पशू, वारा, पाऊस आणि अस्त्रे यांच्यावर सत्ता चालविणारी जी अद्भुत विद्या वर्णिलेली आहे, तिला शाबरी विद्या म्हणतात. पोथ्यांत ‘साबरी’ असेही रूप आढळते. पुणे आणि परिसरात ही विद्या मुख्यतः श्रवणाने ठाऊक आहे. श्रावणात घरोघरी होणारी नवनाथांची पारायणे, आळंदीची वारी आणि सासवडजवळ बोपगावच्या डोंगरावरचे कानिफनाथांचे स्थान, जिथे अरुंद भोकातून सरपटत गाभाऱ्यात जावे लागते, हे तिच्या परिचयाचे नेहमीचे मार्ग होत.

वैदिक मंत्र आणि शाबरी मंत्र यांत मोठे अंतर आहे. वैदिक मंत्रात स्वराला सर्वाधिक महत्त्व असते. ‘इंद्रशत्रु’ या एका शब्दाचा स्वर चुकला, त्यामुळे इंद्राला मारण्यासाठी जन्माला घातलेला वृत्रच इंद्राच्या हातून मारला गेला, ही कथा व्याकरणाच्या अभ्यासकांना परिचित आहे. शाबरी मंत्र मात्र मिश्र, अशुद्ध आणि जागोजागी निरर्थक भाषेत असतात. अक्षरांचा मेळ नाही, अर्थ नाही, तरी शंकराच्या प्रतापाने ते फळतात, असे तुलसीदासांनीही म्हटले आहे. मंत्राच्या शेवटी बहुधा गुरूची दुहाई, म्हणजे शपथ, घातलेली असते. ‘शब्द साचा, पिंड काचा’ हे त्यातले ठरीव पालुपद असून देह कच्चा आहे आणि शब्द मात्र खरा आहे, असा त्याचा आशय होतो. शाबरी विद्येची सगळी उपपत्ती या चार शब्दांत आली आहे, असे म्हणायला हरकत नाही.

मराठीत या विद्येचे सर्वांत विस्तृत वर्णन धुंडिसुत मालू यांच्या ‘नवनाथ भक्तिसार’ या चाळीस अध्यायांच्या ओवीबद्ध ग्रंथात येते. तो शके १७४१ मध्ये, म्हणजे इ. स. १८१९ मध्ये, पूर्ण झाला. नवनाथांतले आद्य मच्छिंद्रनाथ देवदेवतांकडून वचने मिळवून ही विद्या सिद्ध करतात, चिमूटभर भस्म मंत्रून फेकतात आणि वाताकर्षण, स्पर्श, मोहिनी अशी अस्त्रे चालवितात. येथे एक गोष्ट लक्षात घेण्याजोगी आहे. मंत्राचे नाव आणि परिणाम ओवीत सविस्तर येतात, मंत्राची अक्षरे मात्र सहसा येत नाहीत. ती गुरूच्या मुखातून शिष्याच्या कानातच जावीत, हा या कथाविश्वाचा नियम आहे. मच्छिंद्रनाथांचा आरंभही ऐकण्यातूनच होतो. शंकर पार्वतीला उपदेश करीत असता तो मत्स्याच्या पोटातल्या गर्भाने ऐकला आणि पार्वतीऐवजी त्यानेच उत्तर दिले.

उच्चारित शब्दाची ही सत्ता किती बेफाम असू शकते, हे दहाव्या अध्यायातील प्रसंगावरून दिसते. कनकगिरी गावात मच्छिंद्रनाथांचे शिष्य गोरक्षनाथ मेलेल्याला जिवंत करणारा संजीवनी मंत्र पाठ करीत बसले आहेत. गावची पोरे जवळच चिखलात खेळत आहेत. त्यांनी मातीची गाडी तर केली, पण गाडीत बसवायला गाडीवान हवा, म्हणून ती गोरक्षांकडे आली. तोंडाने मंत्र चालूच ठेवून गोरक्षांनी ओल्या मातीचा पुतळा वळायला घेतला आणि पुतळा हातात पुरा होतो न होतो तोच त्यात जीव येऊन तो रडू लागला. पोरे ‘भूत, भूत’ म्हणत पळाली आणि खुद्द गोरक्षही घाबरून लपले. शेवटी मच्छिंद्रनाथांनी येऊन त्या बालकाला वस्त्रात गुंडाळले. तेच पुढे गहिनीनाथ झाले. मंत्र म्हणणाऱ्याचा काही हेतू नव्हता, लक्षही पाठांतरात होते. तरी शब्दाने आपले काम केले. प्रस्तुत लेखकाच्या मते, मोठमोठ्या अस्त्रयुद्धांपेक्षा या विद्येचे स्वरूप याच लहानशा प्रसंगात अधिक नेमकेपणाने पकडले गेले आहे.

याच गहिनीनाथांकडून निवृत्तिनाथांना आणि त्यांच्याकडून ज्ञानदेवांना उपदेश मिळाला, ही परंपरा ज्ञानेश्वरीच्या अठराव्या अध्यायात सांगितली आहे. त्यामुळे चिखलातल्या त्या पुतळ्याचा धागा थेट पुणे जिल्ह्यातील आळंदीला, ज्ञानदेवांच्या १२९६ च्या समाधीपर्यंत, येऊन पोचतो. तेथे भाविकांना दाखविली जाणारी चालविलेली भिंत हीही नाथकथांच्याच अद्भुताची वस्तू, मात्र तिच्या कथेत भस्म नाही आणि अस्त्रही नाही. पुण्यातच राहून लेखन केलेले रा. चिं. ढेरे यांनी नाथ संप्रदायाच्या इतिहासाची चिकित्सा केली असून कथा आणि इतिहास वेगळे करू पाहणाऱ्याला त्यांचे लेखन टाळता येत नाही.

पारायणात हे चाळीस अध्याय बहुधा नऊ दिवसांत वाचतात. कोणत्या अध्यायाने कोणते फळ मिळते हे शेवटच्या अध्यायात सांगितलेले असल्याने मंत्र नसलेली पोथीच वाचणाऱ्याच्या घरी मंत्राची जागा घेते. बोललेला शब्द खरा होतो, हा समज पोथीबाहेरही पसरलेला आहे. पेठेतल्या वाड्यात काय किंवा उपनगरातल्या फ्लॅटमध्ये काय, कोणी अभद्र बोलले की घरातली आजी ‘वास्तू तथास्तु म्हणत असते’ म्हणून गप्प करते. निघताना ‘जातो’ न म्हणता ‘येतो’ म्हणावे, बांगडी फुटली तरी ती ‘वाढली’ म्हणावे, रात्री सापाला ‘जनावर’ किंवा ‘लांबडं’ म्हणावे, ही त्याचीच रोजची रूपे होत.

या विद्येच्या नावाने प्रत्यक्ष उपचाराचा दावा केला जातो, तेव्हा प्रश्न कायद्याचा होतो. अंधश्रद्धा निर्मूलनाचे काम करणारे डॉ. नरेंद्र दाभोलकर यांची २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात ओंकारेश्वर मंदिराजवळील पुलावर हत्या झाली. त्यानंतर काही दिवसांतच राज्यात जादूटोणाविरोधी अध्यादेश निघाला आणि त्याच वर्षी त्याचा कायदा झाला. कुत्रा, साप किंवा विंचू चावलेल्या माणसाला वैद्यकीय उपचारांपासून रोखून मंत्रतंत्र, गंडेदोरे करणे हा त्यानुसार गुन्हा आहे. कीर्तन, प्रवचन, भजन व हरिपाठ त्यातून वगळलेले आहेत, म्हणून मातीच्या गाडीवानाची कथा कीर्तनकाराला पूर्वीसारखीच रंगवून सांगता येते.