मोडी ही गुप्त लिपी नव्हती

"मोडी ही हेरांची सांकेतिक लिपी होती," असा संदेश वर्षानुवर्षे फिरतोय. वाचता न येणारं अक्षर गूढ वाटणारच. पण मोडी ही कारकुनीची धावती लिपी. लेखनिक आधी पानभर आडवी रेघ ओढायचा, मग शक्यतो लेखणी न उचलता अक्षरं जोडत जायचा. ऱ्हस्व-दीर्घही फारसं पाळत नसत. सगळं वेगासाठी. विसाव्या शतकातही शाळांत मोडी शिकवत, मग ती गुप्त कशी?

खरी सांकेतिक लिपी आपल्या विदर्भाला जवळची आहे: रिद्धपूर ज्यांचं तीर्थ, त्या महानुभावांच्या पोथ्यांतली सकळ लिपी.

घरच्या संदुकीत शेताचं जुनं मोडी खरेदीखत असेल तर जाणकाराकडून वाचून घ्या. त्यात शेताच्या चतुःसीमा आणि साक्षीदारांची नावं असतात, चारचौघांत दाखवण्यासाठीच लिहिलेली.