पार्श्वभूमी : हान्स क्यूर्लिस आणि जर्मन शैक्षणिक चित्रपट

हान्स क्यूर्लिस (1889–1982) हे मूळचे कलेतिहासाचे अभ्यासक. पहिले महायुद्ध संपताच, 1919 मध्ये, त्यांनी बर्लिनमध्ये ‘इन्स्टिट्यूट फ्यूर कुल्टूरफोर्शुंग’ (संस्कृती-संशोधन संस्था) ही संस्था काढली. काळ्या कागदाच्या कातरलेल्या आकृत्या तसूतसूने सरकवून त्यांना चालवणाऱ्या लोटे रायनिगर यांचा पहिला छायाकृतिपट त्याच वर्षी या संस्थेत तयार झाला.

अशा निर्मात्यांना आधार दिला तो करमणूक कराने. एखाद्या चित्रपटाला शैक्षणिक मूल्याचे प्रमाणपत्र मिळाले की 1920 च्या दशकात तो दाखवणाऱ्या चित्रपटगृहाला करात सवलत मिळे. त्यामुळे मुख्य चित्रपटाआधी छोटा माहितीपट लावणे मालकाच्या फायद्याचे ठरे. ‘उफा’सारख्या बड्या जर्मन चित्रपट कंपनीचा स्वतंत्र शैक्षणिक विभाग 1918 पासूनच होता, पण छोटी संस्था तग धरू शकली त्यामागे ही सवलत मोलाची होती.

क्यूर्लिस यांचे नाव टिकले ते ‘शाफेंडे हेंडे’, म्हणजे ‘घडवणारे हात’, या 1920 च्या दशकात सुरू झालेल्या मूकपटमालिकेमुळे. कलावंताचे चरित्र सांगण्याऐवजी त्यांनी कॅमेरा त्याच्या हातावर रोखला आणि कोऱ्या पृष्ठावर काम कसे आकार घेते तेवढेच दाखवले. लोव्हिस कोरिंट, माक्स लीबरमान, गेओर्ग ग्रोस हे चित्रकार त्यात दिसतात. 1926 मध्ये अमूर्त चित्रकार कान्डिन्स्की रेषेमागून रेष ओढत रचना उभी करतात, तर 1929 मध्ये शिल्पकार अलेक्झांडर काल्डर तार वाकवून आकृती घडवतात. संग्रहालयातले पूर्ण झालेले चित्र जे सांगू शकत नाही ते, म्हणजे हात कुठे थांबतो आणि कुठे वेग घेतो हे, या चित्रफितींतून कळते. कलाशिक्षणाच्या दृष्टीने मला त्यांची ही बाजू सर्वांत मोलाची वाटते.

1933 नंतरचा भाग मात्र क्लेशदायक आहे. ज्यांचे हात क्यूर्लिस यांनी टिपले होते त्या कोरिंट, कान्डिन्स्की आणि ग्रोस यांच्या कलाकृती नाझी राजवटीने जप्त करून 1937 च्या म्युनिकमधील ‘विकृत कला’ प्रदर्शनात हेटाळणीसाठी मांडल्या. क्यूर्लिस यांचे काम त्या काळातही चालूच राहिले, आणि 1943–44 मध्ये दिग्दर्शक आर्नोल्ड फान्क यांच्यासह त्यांनी योझेफ थोराक व आर्नो ब्रेकर या राजवटीच्या लाडक्या शिल्पकारांवर चित्रपट केले. त्या चित्रपटांतही शिल्पकार आपल्या कार्यशाळेत काम करतानाच दिसतात.