केळशी

महाराष्ट्र राज्याच्या रत्नागिरी जिल्ह्यातील दापोली तालुक्याचे समुद्रकाठचे एक गाव. ते भारजा नदीच्या खाडीच्या दक्षिणेस वसले असून खाडीपलीकडे मंडणगड तालुक्यातील वेळास, तर दक्षिणेस उटंबरचा डोंगर आहे. पुळणीमागे नारळी-पोफळीची आगरे, त्यांना लागून वस्ती, मग भातखाचरे आणि चढावर आंब्याच्या कलमांच्या बागा, अशी येथील जमिनीची मांडणी आहे. खाडीकाठी मासेमारी चालते.

अभ्यासकांचे लक्ष या गावाकडे वेधले गेले ते खाडीच्या मुखाजवळील वाळूच्या टेकडीमुळे. तिची उंची सुमारे १८ मी. सांगितली जाते. किनाऱ्यावर वाळूचे ढीग असणे नवलाचे नाही. परंतु पुलाच्या व रस्त्याच्या कामासाठी ही टेकडी कापली गेली, तेव्हा वाळूच्या थरांत मानवी वस्तीचे अवशेष, खापरे व बहमनी काळातील नाणी आढळली. पुण्याच्या डेक्कन कॉलेजचे पुरातत्त्वज्ञ अशोक मराठे यांनी त्यांचा अभ्यास करून टेकडीच्या निर्मितीचा संबंध त्सुनामीशी जोडला. या मताला पोर्तुगीज वृत्तांताचा आधार मिळतो. १५२४ मध्ये वास्को द गामाचा तांडा दाभोळनजीक असता वारा नसतानाही समुद्र खवळला व जहाजे हादरली, असे त्यात नमूद आहे. हे दाभोळ केळशीच्या दक्षिणेस, वाशिष्ठीच्या मुखाशी आहे. तथापि वृत्तांत समुद्रातील कंपाविषयी आहे. किनाऱ्यावरील हानीची माहिती त्यातून फारशी हाती लागत नाही. पुढील भूवैज्ञानिक संशोधनात या लाटेचा उगम इराण-पाकिस्तानच्या मकरान किनाऱ्यालगतच्या भूकंपक्षेत्रात असावा, असे सुचविण्यात आले. वाऱ्याने वाळू साचून टेकडी बनली, हा पर्याय मात्र पूर्णतः बाजूला सारता येत नाही. अवशेष असलेला थर लाटेचा आणि त्यावरील बराचसा संचय वाऱ्याचा मानल्यास दोन्ही बाजूंच्या निरीक्षणांचा मेळ अधिक सहजपणे बसतो. नाण्यांवरून थराच्या काळाची केवळ पलीकडची बाजू ठरते, म्हणजे तो नाण्यांहून जुना नसावा; नेमके वर्ष त्यांवरून सांगता येत नाही.

टेकडीच्या परिसरातच याकूबबाबांचा दर्गा आहे. शिवाजी महाराजांनी या बाबांना इनाम दिल्याची परंपरा सांगितली जाते. उटंबरच्या पायथ्याशी घुमटाकार शिखरांचे महालक्ष्मीचे मंदिर असून चैत्रातील उत्सवात देवीचा रथ निघतो. मंदिराची सध्याची बांधणी सामान्यतः पेशवेकाळातील समजली जाते.

शेती मुख्यतः पावसावर अवलंबून आहे. सखल भागात भात, वरकस जमिनीवर नाचणी व वरी ही पिके घेतली जातात. आगरांना मात्र विहिरींचे पाणी लागते. आगर हा येथील कुटुंबांचा पिढीजात ठेवा होय, कारण माड व पोफळ लावल्यावर उत्पन्न हाती येण्यास अनेक वर्षे जातात. ३ जून २०२० रोजीच्या ‘निसर्ग’ चक्रीवादळाने दापोली-मंडणगडच्या किनाऱ्यावरील बागायतीची अतोनात हानी केली, ती याच कारणाने दीर्घकाळ जाणवणारी ठरली.

अलीकडच्या दशकांत पर्यटन हा पूरक व्यवसाय बनला आहे. आगरातील घरांतच पाहुण्यांच्या राहण्या-जेवणाची सोय केली जाते. या किनारपट्टीवर हिवाळ्यात ऑलिव्ह रिडले जातीची कासवे अंडी घालतात. त्यांच्या संरक्षणाचे काम २००२ च्या सुमारास वेळास येथे सुरू झाले व पुढे केळशीसह शेजारच्या किनाऱ्यांवर पसरले. पिले समुद्रात सोडण्याच्या दिवसांत पर्यटकांची वर्दळ वाढते.