‘घाटी’ म्हणजे अडाणी? मुळीच नाही

‘घाटी’ म्हणजे गावंढळ, हा समज मुंबईत वर्षानुवर्षं पक्का बसलाय. लोकल भरली की शिवी म्हणून तो शब्द बिनदिक्कत फेकला जातो. पण शब्द सरळ भूगोलातला आहे. घाटावरचा तो घाटी: सह्याद्रीच्या माथ्यापलीकडचा, सातारा, सांगली, कोल्हापूर, पुण्याकडचा. 1863 साली बोरघाटातून रेल्वे धावू लागली, तशी घाटावरची माणसं कामासाठी मोठ्या संख्येने मुंबईत उतरली. गिरण्यांत खपली, गोदीत आणि मशीद बंदरला पाठीवर पोती वाहिली. अंगमेहनतीच्या कामाला प्रतिष्ठा न देणाऱ्या शहराने त्यांच्या गावाची ओळखच हिणवायला वापरली. दोष शब्दाचा नाही, हिणवणाऱ्याचा आहे.

पुढे तर सरसकट सगळ्या मराठी माणसांना घाटी म्हणू लागले. मालवणचा माणूस घाटी कसा? तो तर घाटाखालचा! गोव्यात हाच शब्द कर्नाटकातून घाट उतरून आलेल्यांनाही लावतात.

आणि घाटी लेझीम? वडापावातली लसणीची लाल घाटी चटणी? तिथे हाच शब्द आपण चवीने उच्चारतो.